विषय क्रमांक चार : स्कॉटलंड

लिफ्टचं दार लागलं, की साळवीकाका हवामान सांगतात. आमच्या डोंबिवलीचं नव्हे, स्कॉटलंडचं. "उत्तरेकडे गारा पडतायत. छत्री असू दे!" भर मे महिन्यात, घामाघूम माणसाला! मी सोसायटीचा सेक्रेटरी, म्हणजे सगळ्यांच्या शिव्या खायला नेमलेला माणूस. मला तर ते जिन्यातही गाठतात.

केमिकल कंपनीतून रिटायर झालेला, बायको गेलेला हा गृहस्थ रोज दुपारी जेवण उरकून तिकडच्या एका चॅनेलचं आदल्या संध्याकाळचं बातमीपत्र नेटवर बघतो. इंग्रजी कळतं का, असं विचारलं तर म्हणाले, "निम्मं. बाकीचं आपण सांभाळून घ्यायचं."

गेलं वर्षभर मात्र त्यांची झोप उडालेली. आधी तिकडे जाहिराती आटल्या. मग चॅनेलने जाहीर केलं, की उत्तरेचं वेगळं बातमीपत्र बंद, दक्षिणेचंच सगळीकडे दाखवणार. मग तिथल्या कर्मचाऱ्यांचा संप झाला. मग प्रेक्षकांकडून हरकती मागवल्या. झालं! काका तडक माझ्या दारात.

"सेक्रेटरी, जनरल बॉडीत ठराव घ्या."

"काका, डोकं ठिकाणावर आहे ना? आपली गच्ची गळतेय!"

शेवटी घेतला, विषय क्रमांक चार म्हणून. गच्ची आणि पार्किंगवरून सभा आधीच तापलेली. दुसऱ्या मजल्यावरच्या कांबळेबाई ताडकन उठल्या. "आपला काय संबंध? कारण सांगा, नाहीतर माझा विरोध लिहून घ्या."

काकांचे कान लाल झाले.

"त्या बातम्यांत मुलाखत घेताना कडेने एक हात माईक धरतो," ते म्हणाले. "मनगटावर लेडीज घड्याळ असतं. ते आमच्या हिचं. हात शर्वरीचा, माझ्या मुलीचा. इंजिनिअरिंग सोडून टीव्हीत गेली तेव्हा मी नको ते बोललो. तेव्हापासून बोलणं बंद आहे. हे बंद झालं तर तो हातही दिसायचा नाही."

कांबळेबाई खाली बसल्या. "अनुमोदक म्हणून माझं नाव टाका," म्हणाल्या.

सोसायटीच्या शिक्क्यानिशी ठराव चॅनेलला गेला. बातमीपत्र बंद व्हायचं ते झालंच. शेवटचं बघायला आम्ही अर्धी बिल्डिंग काकांच्या हॉलमध्ये होतो. निवेदिकेने निरोप घेतला आणि कॅमेऱ्यामागच्या सगळ्यांना पुढे बोलावलं. एका टोकाला घड्याळवाली उभी होती.

"वाळलीय," काका म्हणाले. मग मला हळूच, "तुमच्या फोनवरून लावता? माझं नाव बघून उचलला नाही तर?"

माझं टाळकंच सरकलं. "सगळ्या सोसायटीला कामाला लावलंत, आणि फोन करवत नाही? तुमच्याच फोनवरून लावा!"

लावला. स्पीकरवर. रिंग वाजत राहिली. काका कट करणार, तेवढ्यात आवाज आला.

"बाबा?"

"ठराव मिळाला का गं?"

"मिळाला. सूचक, वसंत साळवी..." पुढे काहीच नाही.

"हॅलो? आवाज येत नाही हो," काका मला म्हणाले. "नेटवर्क गेलं वाटतं."

"रडतेय ती," कांबळेबाई म्हणाल्या.

काकांनी फोन तोंडाशी नेला. "गारा पडतायत ना गं तिकडे? छत्री असू दे."