सुभद्राबाईची हजिरी

माझ्या लग्नात मी हार घालून उभा, आणि सुभद्राबाईनं माझ्यापुढं वही धरली.

"सार, सही करा. आज हजर होती म्हून."

"बाई, माझं लग्न आहे!"

"मंग? मोठे सायेब जेवून राह्यले तिकडं. त्याइले पानी म्याच देल्लं. सायबाले पानी देनं कचेरीचं काम होय का नाई?"

मी सही केली. नवरी बघतच राहिली.

सुभद्राबाई नार्नूरकडच्या आमच्या सरकारी कचेरीत रोजंदारीवर. झाडलोट, पाणी, फायलींची ने-आण सगळं तिच्याकडं. हजेरीपटावर मात्र तिचं नाव कधी असे, कधी नसे. पाच वर्षं सलग काम दाखवलं तर नोकरी कायम होते हे कळल्यावर तिनं हैदराबादेत केस टाकली. वकील म्हणाला, पुरावा आणा. झालं!

रोज संध्याकाळी कुलूप लावायच्या वेळी वही यायची. मला घाई असो की ताप असो. एकदा सही जरा वाकडी झाली तर पुन्हा करायला लावली. "कोर्टात म्हनतीन, हे सही तुमची नोहे." टपाल घेऊन आलेला पोस्टमन, दाखल्याला आलेला सरपंच, कोणी सुटलं नाही. तपासणीला आलेल्या अधिकाऱ्याचीच तिनं अशी तपासणी केली, की तेही बिचारे निमूट सही करून गेले. जेवलात का विचारावं, तर उत्तर, "केस चालू हाय. खाईन मंग."

शेवटी कोर्टाचा हुकूम आला, हिचा दावा तपासा. फाईल माझ्याच टेबलावर. वही चाळली, तर चौथ्या वर्षात सलग अकरा दिवस कोरे! माझं डोकंच फिरलं.

"बाई, माझ्या लग्नात सही मागता, आणि इथं अकरा दिवस रिकामे? होतात कुठं?"

बाई जमिनीकडं बघत म्हणाली, "तुमी नाई का, निवडनुकीच्या ड्यूटीवर बेज्जूरले गेल्ते..."

तेव्हा मला आठवलं. आई आदिलाबादला दवाखान्यात होती आणि मला रजा मिळत नव्हती. बाई कोणाला न सांगता तिच्याजवळ जाऊन राहिली होती. आई बरी होऊन घरी आली, मी बाईचे आभार मानले, आणि विसरून गेलो.

मी पेन काढलं. "आणा ती वही. अकराही सह्या आत्ता करतो."

तिनं वही ओढून घेतली. "नाई जी. तवा मी कामावर नोहोती. खोटी हजिरी नाई चालत."

फाईल तशीच गेली. काही महिन्यांनी 'सेवेत खंड' असा शेरा मारून दावा नामंजूर झाल्याचा कागद आला. तो मी बाईला वाचून दाखवला. बाई म्हणाली, "अपील करू." मी तिच्यावरच खेकसलो, "पन गेल्याच काऊन तुमी? कोनं सांगतलं होतं?"

ती कागदाची घडी घालत राहिली.

"कोनंच नाई सांगतलं. एक चक्कर मारून वापस येनार होती. पन तुमच्या मायनं डोये उघडले, माहा हात धरला अन् म्हने, 'आली का वं पोरी?' मले तसं म्हननारं कोनीच नोहोतं जी. मंग माह्यानं उठनंच नाई झालं."