डिगर आणि उरलेले

डिगरचं गाणं मध्येच बंद पडायचं. म्हणजे ऐकणाऱ्याला तसं वाटायचं. गिटार थांबली, ड्रम थांबला, डिगर डोळे दाराकडे लावून उभा आणि स्टेजवर फक्त त्याच्या उजव्या बुटाची टकटक. पहिल्यांदा ऐकणारा माणूस आधी वायरींकडे बघायचा, मग दिव्यांकडे, मग बायकोकडे. तेवढ्यात गाणं जिथे थांबलं होतं तिथून पुढे सुरू व्हायचं.

कॅनडातल्या वॉटर्लूच्या आमच्या मराठी मंडळाचे सेक्रेटरी जोगळेकर दर गणपतीत याला फसायचे. गाणं थांबलं की ते टाळ्या वाजवत माइकशी यायचे. "वा, वा. दिगंबरराव आणि मंडळींना थँक्यू. आता जेवणाच्या लाइनमध्ये आधी लहान मुलं, प्लीज," असं ते म्हणत असतानाच मागून ड्रम धडाडायचा. तोवर निम्मा हॉल उठून मसालेभाताच्या दिशेने निघालेला असायचा. एका वर्षी तर डिगरने अख्खं शेवटचं कडवं रांगेतल्या लोकांच्या पाठींना ऐकवलं. मी बेस गिटार गळ्यात अडकवून शरमेने लाल झालो होतो. तो मात्र खाली उतरून त्याच रांगेत उभा राहिला आणि पुढच्या माणसाला म्हणाला, "नो वरीज, मर्दा."

हे त्याचं पालुपद. अर्धं ऑस्ट्रेलियाचं, अर्धं इचलकरंजीचं, आणि माणूसही तसाच. पूर्ण नाव दिगंबर खोत. वडिलांचे इचलकरंजीत यंत्रमाग होते. हा कापडाचं शिकून ऑस्ट्रेलियातल्या एका गिरणीत नोकरीला गेला. तिथल्या लोकांनी दिगंबरचा डिगर केला. पुढे गिरणी बंद पडली आणि डिगर पबमध्ये गायला लागला. गाणी स्वतःच लिहायचा, चालीही स्वतःच्या, निम्मे शब्द इंग्रजी, निम्मे मराठी, आणि ठेका मागाचा. खटाखट, खटाखट. त्या पोराटोरांच्या रॉकला तो ठेका इतका चपखल बसायचा, की मला आता मागाचा आवाज ऐकला तरी पाय हलवावासा वाटतो.

बायको प्राध्यापक होती, तिकडचीच. तिला वॉटर्लूच्या विद्यापीठात नोकरी लागली म्हणून तो तिच्यामागे कॅनडात आला. काही वर्षांनी ती परत गेली. हा इथेच राहिला. का राहिलास, असं विचारलं तर म्हणायचा, "इथं बँड हाय की." दिवसा तो शाळेची बस चालवायचा.

मी त्याला भेटलो तेव्हा आमच्या गावातली फोन बनवणारी मोठी कंपनी जोरात होती. पुण्या-नागपूरची माणसं दर महिन्याला येऊन थडकत होती आणि त्यातला प्रत्येक तिसरा माणूस कॉलेजात काहीतरी वाजवत होता. मीही त्यातलाच. चाळिशी उलटल्यावर मी बेस गिटार घेतली. माझी बायको मेधा म्हणाली, "चला, काहींना या वयात मोटरसायकल लागते." सरावाला आमचंच बेसमेंट मिळालं.

डिगर माझ्याहून वीस वर्षांनी मोठा. मी पहिल्या दिवशी "खोतकाका" म्हटलं तर त्याने गिटारच खाली ठेवली. "स्टेजवर काका नसतंय. डिगर म्हण, अरे म्हण." तेव्हापासून आमचं अरेतुरे.

त्याच्याइतके बँड कोणी बदलले नसतील. गावच तसं होतं. कोणाचं शिक्षण संपायचं, कोणाचं व्हिसाचं अडायचं, कोणी टोरांटोत कॉन्डो घ्यायचं. मी आलो तेव्हा बँडचं नाव होतं 'डिगर आणि पाव्हणे'. मग बर्फात गाडीला लावायच्या टायरांवरून 'डिगर अँड द विंटर टायर्स'. माणसं बदलली की नाव बदलायचं, हा नियम. आणि दुसरा नियम तो थांबण्याचा.

प्रत्येक वाजवणाऱ्याने त्याच्या गाण्यात आपला एक तुकडा बसवायचा. तो त्याचा. माणूस बँड सोडून गेला, की तो तुकडा कोणी वाजवायचा नाही. तिथे सगळ्यांनी थांबायचं, तेवढा वेळ जाऊ द्यायचा, डिगर बुटाने ठेका धरणार, मग पुढे. त्यामुळे त्याचं सगळ्यात जुनं गाणं, जे ऑस्ट्रेलियात म्हणे तीन मिनिटांत आटपायचं, ते आमच्यापर्यंत येईतो निम्मं गाणं आणि निम्मं उभं राहणं झालं होतं.

त्यातली पहिली जागा नेव्हिलची. नेव्हिल हा पहिल्या बँडचा गिटारवाला, गिरणीतला वेल्डर. ऑस्ट्रेलियाच्या पार उत्तरेला डार्विनला काम मिळालंय, ख्रिसमस झाला की येतो, असं सांगून गेला होता.

मी एकदा वैतागून म्हटलं, "डिगर, मी वाजवतो ना तिथे काहीतरी. लोक उठून जातात."

"ती नेव्हिलची हाय."

"नेव्हिल आता सत्तरीला आला असेल."

"मग हळू येईल."

या माणसाशी वाद घालण्यात अर्थ नव्हता. पण मेश्रामने घातला. प्रदीप मेश्राम आमचा ड्रमवाला, नागपूरचा, सरकारी खात्यात इंजिनीअर. भीमजयंतीच्या कार्यक्रमांत ढोलकी वाजवून हात तयार झालेला माणूस, ठेका सुटला तर त्याला रात्रभर झोप लागत नसे. तो म्हणाला, "डिगरभाऊ, चालू गाणं असं मधात थांबवणं म्हणजे बाप्पा, मले हात तोडल्यासारखं होते."

डिगरने त्याला समोर बसवलं. "मागावर धागा तुटला तर काय करत्यात? माग थांबवत्यात. तसाच रेटला तर कापड फुकट जातंय. आमचे वडील एक धागा तुटला तर थांबायचे."

"पण ते धागा जोडून पुढे जात असतीन ना?"

"व्हय," डिगर म्हणाला. "धागा सापडला की."

 त्यानंतर त्या जागांवर मेश्राम काठ्या मांडीवर ठेवून बसायचा, अगदी शहाण्या मुलासारखा.

एकदा विद्यापीठाजवळच्या एका बारमध्ये आम्ही वाजवलं. तिथल्या वर्तमानपत्राचा एक दाढीवाला आला होता. त्याने छापलं की या गायकाने शांततेचा धाडसी वापर केला आहे. मी ते कौतुकाने वाचून दाखवलं. डिगर भडकला. तो भडकलेला मी तेवढाच पाहिला. "शांतता कसली, मर्दा? नेव्हिल डार्विनला गेलाय."

बसवरही तेच. थांब्यावर एखादं पोर दिसलं नाही तर हा बस हलवायचाच नाही. मागे गाड्यांची रांग. एकदा रेडिओवर ऑफिसची बाई ओरडली, "डिगर, व्हाय आर यू नॉट मूव्हिंग?" हा म्हणाला, "वेटिंग फॉर एमिली." बाई म्हणाली, "एमिली मूव्ह्ड टू ओटावा इन द फॉल, डिगर." त्याला ते माहीत होतं. तरी तो थांब्यावर दार उघडायचा, बाहेरची थंडी आत घ्यायचा आणि मग निघायचा. हे त्यानेच मला हसत हसत सांगितलं. मीही हसलो.

मग फोनच्या कंपनीचे दिवस फिरले. एकेका सकाळी एकेका मजल्यावरची माणसं आपली खोकी घेऊन पार्किंग लॉटमध्ये उभी दिसायची. आमच्या बेसमेंटमधून आधी तन्मय गेला, गिटारवाला, व्हँकूव्हरला. मग अश्विनीला काढलं. अश्विनी आमची कीबोर्डवाली, डिगरची लाडकी. तिला कॅलगरीत नोकरी मिळाली. निघायच्या आधी सरावाला आली आणि रडायला लागली.

"डिगर, मी दिवाळीला येईन. प्रॉमिस."

"ये की. तुझं ठेवतो."

सुरुवातीला तिच्या ईमेल यायच्या. पुढे बंद झाल्या. दिवाळीला ती आली नाही, त्याच्या पुढच्या दिवाळीलाही नाही. तिचे तुकडे सगळ्या गाण्यांत होते आणि आता त्या सगळ्या गाण्यांत आम्ही उभे राहत होतो. बँडचं नाव झालं 'डिगर आणि उरलेले'. हे नाव त्यानेच ठेवलं. मंडळाच्या पत्रकात जोगळेकरांनी ते बदलून 'डिगर आणि मित्र' केलं होतं.

मेधाने एकदा त्याला जेवताना विचारलं, "तुमच्या मिसेस काही वाजवायच्या का हो?"

तो आमटी भुरकत होता, थांबला. "न्हाई. ती ऐकायची. त्यामुळं तिचं काही ठेवता आलं न्हाई."

मेधाने त्याला आणखी भात वाढला. मी पाण्याचा ग्लास उगाच उचलून पुन्हा ठेवला.

त्या हिवाळ्यात त्याचा आवाज बसला. ज्येष्ठमध झालं, मध झाला, वाफारे झाले. आवाज काही उठेना. तपासण्यांत घशात गाठ निघाली आणि मी त्याला हॅमिल्टनच्या हॉस्पिटलात घेऊन गेलो. तिथल्या डॉक्टरणीने शांतपणे सांगितलं, की व्हॉइस बॉक्स काढावा लागेल आणि तो काढूनही किती उपयोग होईल ते आत्ता सांगता येणार नाही. डिगर तिला घोगऱ्या आवाजात म्हणाला, "नो वरीज." मर्दा म्हणाला नाही. मला तेव्हा खरी भीती वाटली.

येताना बर्फ पडत होता. मी गाडी सावकाश चालवत होतो. तो म्हणाला, "श्रीरंग, आता तू गायचंस."

"माझा आवाज माहितीये ना तुला?"

"वाईट हाय. पण शब्द तुला पाठ हायेत."

मी म्हटलं, "आम्ही तुझी जागा ठेवू, डिगर. सगळी गाणी तुझ्या आवाजाशिवाय वाजवू. हवं तर तासभर उभे राहू." मी हे मनापासून म्हणालो होतो. माझ्या मनाने ते कधीच ठरवून टाकलं होतं.

"न्हाई. माझी ठेवायची न्हाई."

"का? नेव्हिलची ठेवतोस, तन्मयची, अश्विनीची. तुझीच का नाही?"

"ती येतील," तो म्हणाला. "मी न्हाई येणार."

वायपर चालू होते. मला पुढचं नीट दिसेना, ते बर्फामुळे नव्हे. त्याने खिडकीकडे तोंड केलं आणि विचारलं, "विंटर टायर घातलेस ना?"

ऑपरेशन झालं. नंतर तो बोलू शकत नव्हता. मी भेटायला गेलो की चादरीखाली उजवा पाय हलवायचा, मी समोर बसून ओळी म्हणून दाखवायचो. चुकलो की पाय थांबायचा. बर्फ वितळायच्या आधीच तो गेला.

मी सगळ्यांना कळवलं. ज्यांचे पत्ते होते त्या सगळ्यांना, ऑस्ट्रेलियातल्या त्याच्या बायकोलाही. उत्तरं आली. सो सॉरी, व्हॉट अ मॅन, कालच त्याची आठवण काढली होती. अश्विनीने लांबलचक लिहिलं, तिला बाळ झालं होतं. येणं कोणालाच जमलं नाही. मला राग आला, अजून येतो, पण तो कोणावर काढायचा? कॅलगरी काही शेजारच्या गल्लीत नाही. अंत्यविधीला आम्ही मोजकी मंडळी होतो, आणि दोन बसवाल्या बायका, ज्या सगळ्यांपेक्षा जास्त रडल्या.

पाडव्याच्या कार्यक्रमात जोगळेकरांनी आम्हाला पंधरा मिनिटं दिली. बाहेर अजून कडेकडेने बर्फाचे ढीग होते. मी त्याच्या माइकपुढे उभा राहिलो. मेश्राम मागे, तन्मयनंतर आलेला गिटारवाला बाजूला. आम्ही ते सगळ्यात जुनं गाणं घेतलं आणि मी गायलो. पहिली ओळ, दुसरी ओळ. वाईट गायलो, पण कुठे अडलो नाही. त्याने सांगितलं होतं तसं त्याची जागा मी भरली आणि ती इतकी सहज भरली की माझा मलाच संताप आला. लोक माना डोलावत होते. कोणाला काही कमी आहे असं वाटत नव्हतं.

मग नेव्हिलची जागा आली. आम्ही थांबलो. मेश्रामने काठ्या मांडीवर ठेवल्या. बुटाचा ठेका कोणी धरायचा हे आम्ही ठरवलंच नव्हतं. मी माझा पाय हलवला, टक, टक. जोगळेकर पुढच्या रांगेत होते. ते या वेळी उठले नाहीत, खाली मान घालून बसले. मसालेभाताकडेही कोणी गेलं नाही.

तेवढ्यात हॉलचं मागचं दार उघडलं. गार वारा आत आला. स्टेजवरच्या आम्ही तिघांनी एकदम मान वर करून तिकडे पाहिलं, आणि माझा पाय ठेका विसरला.

एक कुटुंब होतं. उशीर झाला म्हणून ओशाळं हसत, मुलीच्या डोक्यावरची टोपी काढत, बूट झटकत ते आत आले आणि मागच्या खुर्च्यांवर बसले. दार आपोआप बंद झालं.

मी मागे वळून मेश्रामकडे पाहिलं. त्याचे डोळे भरले होते. आम्ही वाट बघत होतो ती नेव्हिलची नव्हती, हे मला आणि त्याला दोघांनाही कळत होतं. त्याने काठ्या उचलल्या, माझ्याकडे बघून मान हलवली आणि मी डिगरची पुढची ओळ म्हटली.