रंग्याच्या समाधीतले मासे

“माय, आता उन्हं कलेपर्यंत याले कोणी हात लावाचा नाही,” घरामागच्या वाडीत मातीच्या ताज्या ढिगाऱ्यावर फावडं थोपटत धनेंद्र म्हणाला.

“हात कायले लावतं बाप्पा? मले तं डोळे उघडता येऊन नाही राहिले,” सुमित्राबाई पदरानं डोळे पुसत म्हणाल्या. ओल्या पानांच्या धुरानं सकाळपासून त्यांच्या डोळ्यांना धार लागली होती. “चांगले मासे रस्स्यात टाकाचे सोडून पुरले माह्या पोरानं! अन् तेही एवढे! कोण खाईल एवढे?”

“पुरले नाही माय, शिजाले ठेवले. अन् तिकडं खड्डा एका घरासाठी लावतच नाहीत. लावला की भरून लावाचा.”

तिकडं म्हणजे हवाई बेटांवर. धनेंद्र रहांगडाले तिथल्या एका हॉटेलात आचारी होता आणि या दिवाळीला कायमचा परत आला होता. अर्जुनी मोरगावजवळच्या त्याच्या गावाला हवाई ठाऊक होती ती चपलेमुळे. “चपला शिवाले गेलता का रे?” असं विचारणारे भेटलेच. पण धनेंद्र चिडायचा नाही, तो माशांवर बोलायला लागायचा, आणि एकदा लागला की ऐकणाऱ्याची सुटका नसायची. तिकडे ताज्या टूनाचे चौकोनी तुकडे करून मीठ, समुद्रातलं शेवाळ आणि भाजलेल्या बियांची पूड लावतात आणि तसेच खातात, त्याला पोके म्हणतात. खारवलेला सॅमन मासा टमाटर-कांद्यासोबत बोटांनी हलकेच चोळतात, ते लोमी. ऑक्टोपस नारळाच्या दुधात शिजवतात. आणि सगळ्यांत वरचढ लाउलाउ! मासा कोचईच्या, म्हणजे अळूच्या, पानांत गुंडाळायचा, वरून जाड पानाची पुडी बांधायची आणि तापल्या दगडांच्या खड्ड्यात पुरून टाकायची.

“कोचई, माय! आपण वड्या करतो तेच पान! एवढ्या समुद्राच्या मधात बसलेले लोक आपल्यावाणीच कोचई खातात,” हे तो दर वेळी नव्यानं सांगायचा.

आल्याआल्या त्यानं हौसेनं पोके केलं होतं. मुरायला ठेवून तो आंघोळीला गेला. सुमित्राबाईंना वाटलं, पोरगं प्रवासानं थकलं, फोडणी द्यायचं विसरलं. तो डोकं पुसत बाहेर आला तेव्हा चुलीवर लसूण-तिखटाचा रस्सा रटरटत होता. “कच्चा मासा बगळा खाते रे, माणूस नाही,” त्या म्हणाल्या. आणि रस्सा झाला होता फक्कड, तेच तर दुखणं! तोंडाला पाणी सुटलेलं असताना भांडायचं कसं?

आजचा खड्डा मात्र गमतीचा नव्हता. सडक अर्जुनीकडचा भोजराज कटरे आज जेवायला येणार होता. त्याची मुलगी चेतना नागझिऱ्याला जंगलात गाइड आहे. वाघ दाखवायला नेलेल्या पाहुण्यांत एकदा धनेंद्र होता, वाघ काही दिसला नाही, पण या दोघांचं जमलं. भोजराजला ते मंजूर नव्हतं. खंडीनं धान पिकवणारा माणूस तो! “चूल फुकणारा जावई पाह्यजे का मले?” असं त्यानं घरात विचारलं होतं, आणि ट्रॅक्टरच्या दुकानवाल्याच्या पोराला मनातल्या मनात होकारही देऊन टाकला होता. चेतना हटून बसली म्हणून तो एवढंच म्हणाला, “जाऊन जेवून येतो. उठताना काय ते सांगून देईन.” आपल्याकडे पाहुणा जेवला तर बोलणी पुढे सरकतात, आणि न जेवता उठला तर समजणारा समजून जातो. भोजराजचा एकच कच्चा दुवा होता, मासा. धनेंद्रनं म्हणूनच मालगुजारांनी खोदलेल्या मामा तलावातली मरळ आणली, हिरवीगार कोचई खुडली, पळसाच्या पानांच्या पुड्या बांधल्या. नाल्यातले दगड तापले की फुटतात म्हणून टेकडीवरचे कोरडे दगड डोक्यावर वाहून आणले.

खड्डा बुजवून तो ऑक्टोपसऐवजी आणलेल्या झिंग्यांसाठी नारळ आणायला मोटरसायकलवर निघून गेला. त्याचे वडील जियालाल त्याआधीच रंग्या बैलाला पिकअपमध्ये चढवून जनावरांच्या दवाखान्यात गेले होते. कालपासून रंग्या लंगडत होता. आणि जियालालचा मोबाइल, नेहमीप्रमाणे, घरी चार्जिंगला होता.

आता बघा काय झालं. शेजारची दुलारी कुंपणापाशी आली. तिनं पाहिलं, रंग्याचा खुंटा रिकामा. वाडीत ताज्या मातीचा लांबलचक ढिगारा. आणि ढिगाऱ्याशेजारी सुमित्राबाई डोळ्यांना पदर लावून उभ्या.

“बाई...” दुलारीनं खुंट्याकडे हात केला. “रंग्या?”

“गेला ना सकाळीच. दवाखान्यात. हे घेऊन गेले.”

“अन् मग हे?” दुलारीनं ढिगाऱ्याकडे बोट केलं.

“ते? मासे आहेत त्याच्यात.”

दुलारीनं तोंडावर हात ठेवला. मासे! मासे कोणी पुरतं का? दुःखानं बाईच्या डोक्यावर परिणाम झाला, दुसरं काय! तिनं कुंपण ओलांडून सुमित्राबाईंना मिठी मारली आणि असा हंबरडा फोडला, की पाणवठ्यावरच्या बायका घागरी टाकून पळत आल्या.

रंग्या साधा बैल नव्हता. शंकरपटात, बैलांच्या शर्यतीत, त्यानं कैक जोड्यांना धूळ चारली होती आणि गावाची मान उंच केली होती. बघताबघता वाडी भरली. कुणी हळदकुंकू वाहिलं, कुणी अगरबत्ती खोचली, कुणी झेंडूचा हार आणून ढिगाऱ्यावर ठेवला. ज्या घरचा बैल जातो त्या घरची चूल त्या दिवशी पेटत नाही, म्हणून घराघरांतून भाताची गंजं, वरण, वांग्याची भाजी, तांदळाच्या भाकरी येऊन ओसरीवर रांगेनं बसल्या.

“अवो बायांनो, बैल दवाखान्यात आहे! मासे खड्ड्यात आहेत!” सुमित्राबाई ओरडत होत्या.

“हो बाई, हो. तसंच आहे,” बायका त्यांच्या पाठीवरून हात फिरवत होत्या.

दुलारीनं सूर लावला, “रंग्या रे माह्या राजा, तुह्या घुंगराचा आवाज आता कोठं आयकू...” आणि काय सांगावं, ते ऐकताऐकता सुमित्राबाईंनाही खरोखरचं रडू फुटलं. धूर तर केव्हाच संपला होता.

धनेंद्र नारळ घेऊन परतला, तो दारातच थिजला. त्याच्या मनात एकाच वेळी दहा माणसं मरून गेली. तेवढ्यात दुलारीचा नवरा हिरालाल पुढे आला. “गुणाचा पोरगा! येतायेता नारळ घेऊन आला,” म्हणत त्यानं पिशवी हिसकली आणि दोन्ही नारळ ढिगाऱ्यापुढे फोडलेसुद्धा.

“काकाजी, हे काय करून राहिले तुम्ही? त्याच्यात मासे आहेत!”

“याले बी लागलं वाटते,” हिरालाल हळूच म्हणाला. मग त्यालाच शंका आली. “बरं, मासे आहेत ना? मग उघडून दाखव.”

धनेंद्रनं फावडं उचललं, आणि खाली ठेवलं. कोचईचं पान पुरतं शिजलं नाही तर घशाला अशी खाज सुटते की माणूस दोन दिवस विसरत नाही. आणि तो घसा आज भोजराज कटऱ्यांचा होता! हवाईत त्याला शिकवणारी एक म्हातारी होती, सगळे तिला आंटी म्हणत. ती सांगायची, जो खड्ड्यावरची माती घाईनं उकरतो, त्यानं लोकांना जेवू घालायच्या भानगडीत पडू नये. एकदा वाफ निघून गेली की संपलं.

“आता नाही उघडता येत,” तो म्हणाला.

“समजलो,” हिरालालनं त्याच्या खांद्यावर हात ठेवला. “नको उघडू, बाबू. आमचा इश्वास आहे.”

नेमकी त्याच वेळी भोजराजची जीप दारात उभी राहिली. फाट्यावरच त्याला बातमी लागली होती. तो आला, चपला काढल्या, टोपी काढली आणि ढिगाऱ्यापुढे उभा राहिला.

“रंग्या,” भोजराजनं हात जोडले, “तू माह्या जोडीले पटावर हरवलं होतं. तरी सांगतो, तुह्यावाणी बैल अख्ख्या झाडीपट्टीत झाला नाही. देवाशप्पथ, तू राहिला असता ना, तं आज मी या घरी पोटभर जेवलो असतो अन् पोरगी देऊनच उठलो असतो. तुह्याच बंडीत पाठवलं असतं चेतनाले. पण काय करतं? सोयरिकीच्या पहिल्याच दिवशी घरचा बैल गेला. देवाच्या मनात नाही.”

मेलेल्याला शब्द द्यायला काय लागतं हो? भोजराजच्या डोळ्यांत पाणी होतं हे खरं, पण सुटल्याचं समाधानही चेहऱ्यावर लपत नव्हतं. सुमित्राबाईंनी पाण्याचा तांब्या पुढे केला, तोही त्यानं हात जोडून नाकारला. ज्या मरळीच्या भरवशावर धनेंद्र चेतनाला “बाबांचं मी पाहतो” म्हणाला होता, ती दोन हातांवर शिजत होती आणि पाहुणा निघाला होता. त्यानं एकदाच विचारलं, “काकाजी, थोडा वेळ बसा ना.” भोजराजनं मान हलवली आणि एका पायात चप्पल चढवली.

तेवढ्यात पिकअपचा भोंगा वाजला.

आधी जियालाल उतरले. मग फळी टाकली आणि तिच्यावरून, खुराला जांभळं औषध लावलेला, थोडासा लंगडत रंग्या उतरला. गर्दी दुभंगली. रंग्या रस्ता काढत थेट वाडीत गेला, स्वतःच्या समाधीवरचा झेंडूचा हार हुंगला आणि खायला सुरुवात केली.

“एवढी गर्दी कायची?” जियालालचा चेहरा पांढरा पडला होता. “कोण गेलं?”

शेवटी सुमित्राबाई कडाडल्या, “कोणी नाही गेलं! म्या सकाळपासून घसा फोडून सांगून राहिली, बैल दवाखान्यात, मासे खड्ड्यात! कोणी आयकते का या गावात?”

भोजराज एका चपलेवर उभा होता. हिरालाल त्याच्याजवळ सरकला. “कटरेभाऊ, तुम्ही शप्पथ घेतली बरं रंग्यापुढं.”

“ते मी मेलेल्या रंग्याले म्हणलो! हा कोठं होता तेव्हा?”

“हा नव्हता. आम्ही होतो ना सारे.”

भोजराजनं घाम पुसला. शब्दाचा पक्का माणूस, आणि शब्द दिला होता तो गावासमोर. “शप्पथ पोटभर जेवण्याची होती,” त्यानं पळवाट काढली. “आधी जेवण तं दाखवा कोठं आहे.”

उन्हं कलली होती. धनेंद्रनं कुंकू, अगरबत्ती आदरानं बाजूला ठेवली आणि माती ओढली. ओली पोती उचलली, केळीची पानं सरकवली, आणि खड्ड्यातून असा वाफेचा लोट आला की मागच्या रांगेतली माणसं आपोआप पुढे आली. पहिली पुडी त्यानं भोजराजच्या हातावर ठेवली. पळसाचं पान सुटलं, आत कोचईचं पान लोण्यासारखं मऊ झालेलं, आणि त्याच्या आत मरळ, पांढरीशुभ्र, बोट लागताच पाकळ्या सुटणारी.

भोजराजनं घास घेतला. चावला. गिळला. मग गळ्यावर हात ठेवून वाट पाहत राहिला. सगळं गाव त्याच्या गळ्याकडे बघत होतं.

“खाजत नाही,” त्यानं जाहीर केलं.

दुसऱ्या घासाला तो खाली बसला. तिसऱ्याला त्यानं डोळे मिटले. “तिखट नाही, मसाला नाही, तेल नाही,” तो पुटपुटला, “काय केलं तं काय रे याले?”

“काही नाही केलं, काकाजी. मीठ लावलं अन् घाई नाही केली. आंटीची शिकवण आहे.”

“मोठी बाई आहे गड्या ती! जन्मभर मरळ खाल्ली मी, पण मरळ लागते कशी ते आज समजलं.”

मग काय विचारता! दुखवट्याला आलेला भात होताच, वरण होतं, भाकरी होत्या. गाव तिथंच पंगतीला बसलं. एवढे कोण खाईल म्हणणाऱ्या सुमित्राबाईंच्या वाट्याला जेमतेम एक पुडी आली, आणि तीसुद्धा त्यांनी कुणाला न देता खाल्ली. “रस्स्याहून बरं आहे,” त्या पोराला म्हणाल्या, “पण सांगू नको कोणाले.” धनेंद्र पाहत राहिला. हवाईत खड्डा उघडतात तेव्हा असंच सगळं गाव गोळा होतं. इथं एका पाहुण्याला जेवू घालायचं म्हणून तो जीव टाकत होता, आणि गाव आपला भात घेऊन आपणहून आलं होतं. तो पुन्हा हवाईच्या माशांवर बोलायला लागला, पण या खेपेला कोणी कंटाळलं नाही.

उठताना भोजराजनं चेतनाला फोन लावला. “पोरी, त्या ट्रॅक्टरवाल्याले नाही सांगून देतो.”

“मासे चांगले होते का, बाबा?”

“मासे? पोरगा चांगला आहे!” मग आवाज खाली करून म्हणाला, “मासे बी.”

माघात लग्न निघालं. मांडवामागे धनेंद्रनं लांबच लांब चर खणला, पुड्या लावल्या, माती ओढली. शेवटचं फावडं पडायची खोटी, दुलारी गावातल्या बायका घेऊन आली, ढिगाऱ्याभोवती बसली, डोक्यावरून पदर घेतला आणि सूर लावला, “रंग्या रे माह्या राजा...” समोरच शिंगं रंगवलेला रंग्या कडबा चघळत उभा होता. वधूपक्षाकडचे पाहुणे घाबरून धावत आले.

“कोण गेलं? कोण गेलं?”

दुलारीनं रडणं मधेच थांबवलं. “कोणी नाही जी. रडल्याबिगर ते मऊ होत नाही.”

धनेंद्र समजावून सांगायला पुढे झाला, तर भोजराजनं त्याचा हात धरला.

“राहू द्या, जावईबापू. मले मागच्या वेळची चव पाह्यजे.”

आणि टोपी काढून तो स्वतःही बायकांच्या मागे जाऊन बसला.