सुकलालने नियम उडवला

विद्यापीठाचा मेसेज आला तेव्हा सुकलाल शहाद्याच्या घरी जेवायला बसला होता. ताट तसंच सरकवून त्याने हेमकांत वकिलाला फोन लावला.

“मन्ही पोर अपात्र? कोन म्हणस?”

म्हणत होता नियम. बारावीनंतर दोन वर्षांहून जास्त खंड पडला, की अन्नप्रक्रियेच्या पदवीला प्रवेश नाही. चेतनाचा खंड तीन वर्षांचा होता, कारण सुकलालनेच तिला तीनदा नीटला बसवलं होतं. पोरीला डॉक्टर व्हायचंच नव्हतं. तिला केळीचे वेफर्स पाकिटात घालून विकायचे होते.

प्रकरण हायकोर्टात गेलं. न्यायमूर्तींनी विद्यापीठाच्या वकिलांना एवढंच विचारलं, “दोन वर्षं टिकणारी बुद्धी तिसऱ्या वर्षी कुठे जाते?” वकिलांनी फाइल चाळली. फाइलमध्ये बुद्धीचा पत्ता नव्हता. नियम मनमानी ठरला आणि रद्द झाला.

सुकलालने गल्लीला वरण-बट्टी घातली. तुपाचं भांडं घेऊन फिरताना तो वाढत कमी आणि निकाल समजावत जास्त होता.

“म्हंजे खंड कितला भी पडू दे?” साखर कारखान्यावर ट्रॅक्टर लावणाऱ्या धुडकूने विचारलं.

“कितला भी!”

“मन्हा वीस वरीसना शे.”

“भर ना मंग फॉर्म! न्याय काय एकली चेतनाले शे का?”

अंगणवाडीच्या कमलबाई हात धुता धुता थांबल्या. “नाना, मन्हं भी जमी?”

“न जमाले काय व्हयनं, ताई? हायकोर्ट शे आपला मांगे!”

दुसऱ्याच दिवशी सुकलालने दोघांना आपल्या जीपमध्ये घालून कॉलेजात नेलं आणि पुढे उभं राहून फॉर्म भरून घेतले. जागा मोजक्याच आहेत, आणि आपण आपल्याच पोरीला वाटेकरी आणतोय, हे उत्साहात त्याच्या डोक्यातच आलं नाही.

बारावीच्या मार्कांवर मेरिट लिस्ट लागली. धुडकू आत. कमलबाई आत. चेतना वेटिंगवर पहिली. आणि शेवटच्या जागेवर, सुकलालने चष्मा पुसून दोनदा वाचलं, गजराबाई. त्याची बायको.

“तू कव्हय भरा फॉर्म?”

“तुम्ही पंगतमा सांगं ना, कितला भी खंड चालस. मी चुल्हापासीन ऐकं. बारावीले शाळामा पहिली व्हतू मी.”

“मंग तुन्हं लगीन व्हयनं व्हतं!”

“तेच तं. मन्हा बाबाले खंड पाडाले कोर्ट नही लागनं.”

सुकलाल तडक हेमकांतकडे गेला. “वकील साहेब, तो नियम परत लाई देता ई का?”

“दादा, तो तुम्हीच उडाया. आते तुम्हीच परत मागनात, तं जजसाहेब माले बाहेर काढतीन.”

शेवटी सुकलालने गजराबाईलाच जागा सोडायला सांगितलं. पोरीच्या तोंडाकडे पाहून तिने हळूच मान डोलावलीसुद्धा. पण चेतनाच आडवी आली.

“माय, तू जागा सोडी ना, तं मी तुन्हावर कोर्टमा जासू!”

तेवढ्यात धुडकूला कळलं, की कॉलेजात पंच्याहत्तर टक्के हजेरी लागते. त्याला वाटलं होतं, वर्षातून एकदा पेपर द्यायला जायचं. ऐन ऊसतोडीत ट्रॅक्टर सोडून वर्गात कोण बसणार? त्याने प्रवेश रद्द केला आणि चेतना आत आली. सुकलालने आनंदाने धुडकूला एवढी कडकडून मिठी मारली, की त्याला वाटलं, आपणच पास झालो.

कॉलेज सुरू झालं. मायलेकी सकाळी डबे घेऊन एसटीने जातात, संध्याकाळी परत येतात आणि मग एकमेकींना प्रश्न विचारत बसतात. महिनाभराने हेमकांतचा फोन वाजला.

“वकील साहेब, हाऊ पंच्याहत्तर टक्के हजेरीना नियम कोर्टमा टिकी का हो?”

“कसाले? चेतनानी हजेरी कमी पडस का?”

सुकलालने तव्यावरची भाकरी उलटली. निम्मी उलटली, निम्मी तव्यालाच राहिली.

“तिन्ही नही हो. तिन्ही मायनी शंभर टक्के व्हई ऱ्हायनी.”