अर्ध्या दिवसाचं सागरदर्शन

एका जंगलात, मुलांनो, वडीलधारे फार झाले होते.

म्हणजे झाडं होती, ओढे होते, सगळं होतं. पण कुठेही बसायला जावं तर तिथे आधीच एखादा ज्येष्ठ बसलेला असायचा. आणि तो नुसता बसायचा नाही. तो सांगायचा. पुढे पुढे ऐकणारे कमी पडू लागले, म्हणून जंगलाने शाळा काढली. शाळेत घुबड गुरुजी होते. शाळा दिवसा भरायची आणि गुरुजी दिवसा झोपायचे. मुलं घोकायची, गुरुजी घोरायचे, आणि निकाल दर वर्षी उत्तम लागायचा.

ही शाळा एका पाणमांजरीने अर्ध्यात सोडली. तिचं नाव शिंपली.

का सोडली? तर परीक्षेत प्रश्न आला, "पाण्यात पडल्यावर प्रथम काय करावे?" बरोबर उत्तर होतं, "वडीलधाऱ्यांना कळवावे." शिंपलीने लिहिलं, "पोहावे." गुरुजींनी तिला नापास केलं आणि पुन्हा झोपले. ती उठली आणि चालती झाली.

जंगलासमोर एक बेट होतं. मध्ये वाळूची पट्टी. ओहोटी लागली की पट्टी उघडी पडायची आणि कोणीही चालत बेटावर जाऊ शकायचं. भरती आली की पट्टी पाण्याखाली. बेटावर काळे कडे होते, पांढरी वाळू होती, पलीकडे उघडा समुद्र होता, आणि एक बाजार होता. शिंपलीने ठरवलं, आपण गाइड व्हायचं. ओहोटीत लोकांना न्यायचं, किनारा दाखवायचा, बाजार फिरवायचा आणि भरतीच्या आत परत आणायचं.

पण त्या जंगलात ज्येष्ठ मंडळाच्या तोंडून "चालेल" निघाल्याशिवाय शिंकायचीही सोय नव्हती. मंडळाचे अध्यक्ष होते गवा आबासाहेब.

"आधी आम्हाला फिरवून आण," आबासाहेब म्हणाले. "पसंत पडलं तर चालेल म्हणू. नाही पडलं, तर दुसऱ्या दिवशी गुरुजींच्या वर्गात. पहिल्या बाकावर."

शिंपलीच्या अंगावर काटा आला. पहिल्या बाकावर गुरुजींचं घोरणं थेट कानात यायचं.

ठरल्या दिवशी ओहोटी लागली. पट्टी उघडी पडली. मंडळाचे आठही सभासद आले. आबासाहेब आले. साळिंदर नाना आले, ज्यांच्या शेजारी बसायला कोणी तयार नसे आणि ज्यांना वाटे की हा आपला दरारा आहे. वटवाघूळ काकू आल्या, डोळ्यांवर काळा गॉगल लावून. बाकीचे पाच कोण, ते मला ठाऊक नाही. ते प्रत्येक गोष्टीला "हो ना" म्हणायचे, म्हणून त्यांना वेगळी नावं लागलीच नव्हती.

"चला, निघू या," शिंपली म्हणाली.

"अशी कशी निघतेस?" नाना म्हणाले. "आबासाहेब दोन शब्द बोलतील."

आबासाहेब दोन शब्द बोलू लागले, मुलांनो, आणि पट्टी कोरडी ठणठणीत झाली, तिच्यावर खेकड्यांचे संसार मांडून झाले, तरी दुसरा शब्द काही येईना. मग नानांनी आभार मानले. मग काकूंनी नानांचे आभार मानले. पाच जण "हो ना" म्हणाले. मग कुठे मंडळी हलली.

"आधी कडे बघू," शिंपली म्हणाली. "मग पलीकडचा समुद्र. बाजार शेवटी, येताना वाटेवरच आहे."

"छे छे. आधी बाजार," काकू म्हणाल्या. "समुद्र काय पळून जातोय?"

"पळून जात नाही, काकू. येतो. तीच तर अडचण आहे."

"उलट बोलते," नाना आबासाहेबांना म्हणाले. आबासाहेबांनी ते डोक्यात नीट ठेवून दिलं. तिथे जागा भरपूर होती.

तर आधी बाजार.

बेटावरचा बाजार म्हणजे काय सांगू! शंख होते, पोवळी होती, सुकट होती, तिवराच्या झाडावरचा मध होता. आबासाहेबांनी सगळीकडे एक नजर फिरवली आणि विचारलं, "इथे आपल्याकडच्यासारखं गवत मिळतं का?"

मिळत होतं. एक घोरपड विकायला बसली होती. आबासाहेबांनी ते हुंगलं, चावलं आणि त्यांचे डोळे भरून आले. "याला म्हणतात चव! आपल्या जंगलात आता असं गवत राहिलं नाही."

"आबासाहेब, हे आपल्याच जंगलातलं आहे," शिंपली म्हणाली. "ही सकाळी आपल्या ओढ्यावरून कापून आणते."

"तुला गवतातलं काय कळतं?" आबासाहेब म्हणाले, आणि त्यांनी दोन भारे घेतले.

नाना मासळीकडे गेले. तिथे बगळी मावशी टोपली घेऊन बसायची. टोपलीत एक बोय मासा होता, आणि त्याचे कल्ले अजून हलत होते.

"ताजा आहे का गं?" नानांनी विचारलं.

"जिवंत आहे," बोय म्हणाला.

"तू मध्ये बोलू नकोस. मोठी माणसं बोलतायत." नानांनी त्याला बोटाने दाबून पाहिलं. "शिळा वाटतो."

"नाना, तो बोलतोय तुमच्याशी!" बगळी मावशी म्हणाली. "आणखी काय करून दाखवायचं त्याने? नाच?"

"भाव काय?"

मावशीने सांगितला. नानांनी निम्मा सांगितला. मावशी खाली उतरली. नाना आणखी खाली उतरले. शेवटी मावशी म्हणाली, "घ्या, फुकट घ्या, पण माझ्यासमोरून उठा."

"आम्ही मासे खातच नाही," नाना म्हणाले आणि उठले.

शिंपली दर थोड्या वेळाने पट्टीकडे बघत होती. दोन्ही बाजूंनी पाणी पट्टीला चाटायला लागलं होतं. चेहऱ्यावर मात्र तिने गाइडचं हसू चिकटवून ठेवलं होतं. एक शब्द हवा होता तिला, "चालेल". एकच.

"आता मात्र परत फिरायला हवं," ती म्हणाली. "समुद्र पुढच्या खेपेला."

"वा!" आबासाहेब म्हणाले. "सागरदर्शन म्हणून आणलंस आणि सागर न दाखवता परत नेतेस? चल, दाखव."

तिने दाखवला. बेटाच्या टोकाला, एका बाजूला जंगल आणि दुसऱ्या बाजूला उघडं पाणी अशा वाळूच्या पुळणीवर उभं राहिल्यावर असा समुद्र दिसायचा, मुलांनो, की नुकतंच जन्मलेलं कासवसुद्धा क्षणभर थांबून बघायचं. निळा, मोकळा, कोणाच्याही परवानगीची वाट न बघणारा.

मंडळी आली. मंडळीने पाठ फिरवली.

"हं, काढा फोटो," आबासाहेब म्हणाले.

पुळणीवर एक मोठा ओंडका वाहून आला होता. त्यावर सगळ्यांनी बसायचं ठरलं, समुद्राकडे पाठ आणि जंगलाकडे तोंड करून. फोटो काढायला ऑक्टोपस होता. तोच का? तर प्रत्येकाला फोटो आपापल्या मोबाइलवरच हवा होता, आणि आठ हात दुसऱ्या कोणाला नव्हते. तो समोर एका डबक्यात बसला आणि त्याने आठही हात वर केले.

पण मध्ये कोण बसणार? जो सगळ्यांत ज्येष्ठ तो.

"मी हा समुद्र डबकं असताना पाहिलाय," नाना म्हणाले.

"मी डबकं खणताना पाहिलंय," आबासाहेब म्हणाले.

"मी खणणाऱ्याच्या बारशाला होते," काकू म्हणाल्या.

पाच जण तिघांनाही "हो ना" म्हणाले. शेवटी आबासाहेब मध्ये बसले, कारण ते बसल्यावर दोन्ही बाजूंनाच जागा उरली. नाना टोकाला. काकू आबासाहेबांच्या शिंगाला उलट्या लटकल्या.

"स्माइल," ऑक्टोपस म्हणाला. "अरेरे! डोळे मिटले कोणीतरी. पुन्हा."

आठ जणांत दर वेळी कोणाचे ना कोणाचे डोळे मिटलेले असायचे. पुन्हा. पुन्हा. पाणी पुळणीवर चढू लागलं.

"आबासाहेब, मागे बघा!" शिंपली ओरडली.

"फोटोत मागे बघायचं नसतं," आबासाहेब ओठ न हलवता म्हणाले.

"पाणी आलंय!"

"नको आत्ता. तहान नाही."

काकू उलट्या होत्या, त्यामुळे त्यांना आबासाहेबांच्या कानामागून सगळं दिसत होतं. "अगं बाई," त्या म्हणाल्या, "आज आभाळ किती खाली आलंय. आणि ओलं आहे."

पाणी आबासाहेबांच्या खुरांना लागलं. "कोणी सांडलं?" त्यांनी दरडावून विचारलं.

"आमच्या वेळी समुद्र विचारून यायचा," नाना म्हणाले.

"लाइट मस्त आहे," ऑक्टोपस म्हणाला. त्याचं डबकं आता समुद्राएवढं झालं होतं आणि तो खुशीत होता. "आणखी एक!"

शिंपलीने आबासाहेबांची शेपटी ओढली. फोटो हलला, म्हणून ते रागावले. तिने पाच जणांना विनवलं. ते "हो ना" म्हणाले आणि हसत राहिले. पट्टी केव्हाच दिसेनाशी झाली होती. आणि मग ओंडका तरंगायला लागला.

आता तुम्ही विचाराल, गवा बसलेला ओंडका तरंगतो का? मुलांनो, गुरुजींनी शिकवलेलं सगळं तुम्ही असंच तपासून बघता का? नाही ना? मग गप्प ऐका.

शिंपलीने पाण्यात उडी घेतली. ओंडक्याला मागून डोकं लावलं आणि ढकलायला लागली. लाटा नाकातोंडात जात होत्या. नानांचे काटे कपाळात घुसत होते. वरून सूचना येत होत्या, "हळू! हलतंय!" ऑक्टोपस पुढे पोहत फोटो काढत होता. ढकलता ढकलता तिला एकदा वाटलं, सोडून द्यावं. मग तिला पहिला बाक आठवला आणि तिने पुन्हा डोकं लावलं.

ओंडका जंगलाच्या काठाला लागला. मंडळी उतरली. कोणाचा खूरसुद्धा नीट भिजला नव्हता.

"परतीची व्यवस्था बरी होती," आबासाहेब म्हणाले.

शिंपली वाळूत आडवी पडली होती. तोंडात रेती होती, तरी कान टवकारलेले होते. आता म्हणतील, तिला वाटलं. आता म्हणतीलच.

मंडळाने तिथेच सभा घेतली.

"सहल उत्तम झाली," आबासाहेब म्हणाले. "अर्थात आपल्या मार्गदर्शनामुळे. पण गाइड काही बरोबर नाही. प्रत्येक फोटोत कोपऱ्यात तोंड उघडून उभी आहे."

"मोठ्यांच्या पाठीमागे ओरडते," नाना म्हणाले.

"आणि समुद्र दाखवलाच नाही," काकू म्हणाल्या. "नुसतं आभाळ."

"हो ना," पाच जण म्हणाले.

"तेव्हा सागरदर्शन चालेल," आबासाहेब म्हणाले. शिंपली उठून बसली. "ही चालणार नाही. पुढच्या खेपेपासून घुबड गुरुजी गाइड. अनुभवी आहेत. आणि ही उद्यापासून वर्गात."

"गुरुजींनी समुद्र पाहिला तरी आहे का?" शिंपली ओरडली. "आणि ओंडका कोणी ढकलला?"

"बघा! अशी मध्ये बोलते. बोलायचं असेल तर हात वर करावा. परवानगी मिळाली की बोलावं."

शिंपलीने हात वर केला.

"सभा संपली," आबासाहेब म्हणाले.

दुसऱ्या दिवशी ती पहिल्या बाकावर बसली. गुरुजींनी तिच्या कानात घोरून नवा पाठ सुरू केला. पाठाचं नाव होतं, सागरदर्शन.

पुढच्या ओहोटीला मंडळ पुन्हा निघालं, कारण मागच्या फोटोंत काकूंचा गॉगल तिरका आला होता. गुरुजींना आबासाहेबांच्या पाठीवर झोपलेलेच घेतलं. वर्गालाही न्यायचं ठरलं होतं, पण मुलांमुळे फोटोत गर्दी होते म्हणून एकट्या शिंपलीला नेलं. दोन भारे गवत परत उचलून आणायला कोणीतरी हवं होतं.

आधी दोन शब्द झाले. मग बाजार झाला. मग मंडळी, पाण्याने पुळणीवर परत आणून टाकलेल्या त्याच ओंडक्यावर बसली, समुद्राकडे पाठ करून. गुरुजींना मध्ये ठेवलं. त्यांचे डोळे दर फोटोत मिटलेले असणार हे उघड होतं, म्हणून ऑक्टोपसने सकाळीच पोटभर खाऊन घेतलं होतं.

शिंपली वरच्या खडकावर बगळी मावशीशेजारी बसून कालवं फोडत होती. पाणी पुळणीवर चढलं.

"अगं, भरती आली," मावशी म्हणाली. "सांग की त्यांना!"

"हात वर केलाय की, मावशी."

मावशीने पाहिलं. खरंच, शिंपलीचा एक हात वर होता. दुसऱ्याने ती खात होती.

"पण कोणी बघतंय का इकडे?"

"नाही. सगळे समोर बघतायत."

पाणी खुरांना लागलं. ओंडका तरंगला. मावशीने पंख फडफडवले. "शिंपले, आता तरी ओरड!"

"परवानगी कुठे मिळालीय?" शिंपली म्हणाली, आणि तिने दुसरा हातही वर केला. याहून जास्त तिच्याकडे हात नव्हते.

त्या दिवशी मागून ढकलणारं कोणी नव्हतं. ओंडका जागच्या जागी डुलत राहिला. ऑक्टोपस "आणखी एक" म्हणत राहिला. मग ओहोटी लागली आणि ओंडका हळूहळू मागे निघाला. मागे म्हणजे उघड्या समुद्राकडे. आठही जण हसत होते. तोंडं जंगलाकडे होती, त्यामुळे आपण लांब चाललोय हे कोणाला कळलं नाही. समोरचं जंगल लहान लहान होत चाललंय, एवढंच त्यांना दिसत होतं.

वाऱ्यावर आबासाहेबांचा आवाज खडकापर्यंत आला.

"बघा, नाना. या नव्या पिढीने जंगलाची काय दशा करून ठेवलीय!"

"हो ना," पाच जण म्हणाले.

तात्पर्य: मुलांनो, वडीलधारी माणसं बोलत असताना मध्ये बोलू नये. शांतपणे ऐकावं. फक्त ऐकताना उंच जागा बघून बसावं.