पुलापलीकडील मजकूर

दिनांक ३ मे २००४, सोमवार रोजी सकाळी साडेदहाच्या सुमारास शिरूर एसटी स्टँडजवळील सितारा सायबर कॅफेमध्ये एक फाइल सापडली. या प्रकरणातील सर्व गोंधळ तेथून सुरू होतो. ती सापडली नसती, तर तिला रीतसर शोधता आले असते.

मी त्या वेळी तेथे हजर होतो. मी म्हणजे बाळासो धोंडिबा ढवळे, सेवानिवृत्त अभिलेखापाल. एकतीस वर्षे मी एका कचेरीची रेकॉर्ड रूम सांभाळली. कचेरीचे नाव देत नाही, कारण तशी परवानगी मी मागितलेली नाही. माझ्या कारकिर्दीत त्या खोलीतून एकही कागद गहाळ झाला नाही. लोकांना तो मिळाला की नाही, हा वेगळा विषय आहे.

कॅफेचे मालक चांदभाई. त्यांच्या आजोबांच्या जमिनीचा एक जुना फेरफार मी पूर्वी त्यांना शोधून दिला होता. चार वर्षे लागली, पण दिला. तेव्हापासून ते मला उठून खुर्ची देतात. जावयाचा ईमेल आला का, हे पाहायला मी रोज त्यांच्याकडे जात असे. ईमेल येत नसे, परंतु पंखा चांगला होता.

आता अर्जदारांविषयी. तहमीना ही चांदभाईंच्याच आळीतली, बालवाडीत शिकवते. तिचा थोरला भाऊ इरशाद कोरेगाव भीमाच्या बाजूला एका कारखान्यात वेल्डर होता आणि येत्या शुक्रवारी दोन वर्षांच्या करारावर दोह्याला निघणार होता. लहानपणी दौंडला राहत असताना या दोघांकडे टीव्हीला जोडायचा गेम होता. त्याच्या कॅसेटवर '९९९ इन १' असे छापलेले होते आणि आत गेम होते चार. त्यांपैकी एकात छत्री घेतलेला एक बुटका माणूस सात स्टेज पार करून लाकडी पुलापाशी येई, आणि पुलावर पाय ठेवला की चित्र जागच्या जागी गोठे. कॅसेट फुंकून पाहिली, पुसून पाहिली, दुकानदाराशी भांडूनही पाहिले. अकरा वर्षे ही भावंडे त्या पुलाच्या अलीकडे उभी होती.

मग इरशादला कोणीतरी सांगितले की तोच गेम इंटरनेटवर धडधाकट मिळतो. संगणकाला जुन्या टीव्ही-गेमचे सोंग घ्यायला लावणारा एक प्रोग्राम असतो, त्याला एम्युलेटर म्हणतात. त्यात गेमची फाइल उघडली की झाले. इरशादने सुट्टीचे दोन अख्खे दिवस कॅफेत फोनच्या लाइनवर बसून ती फाइल उतरवली. उतरली कुठे, हे मात्र पाहायचे राहिले. चांदभाईंच्या संगणकावर न्यू फोल्डर १ पासून न्यू फोल्डर २१२ पर्यंत फोल्डर होते, आणि कशात काय आहे हे परमेश्वरालाही विचारून सांगावे लागले असते.

सोमवारी चांदभाईंनी अर्ध्या तासात ती शोधली.

"ही बघ, एक्केचाळीसमध्ये हाय," ते म्हणाले. तहमीना हसली. छत्रीवाला पडद्यावर येऊन उभा राहिला, तेव्हा तर तिने ओढणी तोंडाला लावली.

"खेळ की," चांदभाई म्हणाले.

"न्हाई चाचा. उद्या भैया येतोय. त्याच्याबिगर मी पूल वलांडायची न्हाई."

ती गेली, आणि पाठोपाठ लाइट गेली. अंधारलेल्या कॅफेत बसून मी चांदभाईंना समजावले की योगायोगाने सापडलेली फाइल ही सापडलेली मानता येत नाही. आज एक्केचाळीसमध्ये आहे. उद्या कशावरून असेल? चांदभाईंनी मान हलवली. फेरफाराचे उपकार त्यांच्या मानेवर होते.

दोन वाजता लाइट आली. सहापर्यंत मी कॅफेला शिस्त लावली.

प्रथम २१२ फोल्डर रद्द केले. त्याऐवजी गावनिहाय फोल्डर उघडले: शिरूर, दौंड, वरवंड, तळेगाव ढमढेरे, याप्रमाणे. ज्या गावच्या माणसाने फाइल उतरवली, त्या गावात ती टाकली. नंतर अभिलेखांचे वर्गीकरण केले. अ म्हणजे कायम ठेवायचे, ब म्हणजे तीस वर्षे, क म्हणजे पाच-दहा वर्षे, आणि ड म्हणजे वर्षभरात नष्ट करायचे. जन्मपत्रिका अ मध्ये गेल्या. नट्यांची छायाचित्रे मागणी लक्षात घेऊन ब मध्ये ठेवली. बारावीच्या प्रश्नपत्रिका क मध्ये. गेम ड मध्ये.

शेवटी फाइलींच्या नावांकडे वळलो. प्रत्येक नावाच्या टोकाला एक टिंब आणि तीन इंग्रजी अक्षरांची शेपटी होती. ती कोणी व कोणाच्या आदेशाने लावली, याची नोंद कुठेही नव्हती. मी सर्व शेपट्या काढून फाइलींना अनुक्रमांक दिले. संगणक दर वेळी विचारत होता की असे केल्यास फाइल चालणार नाही, नक्की करू का. नवीन कारकूनही पहिले काही दिवस असेच विचारतात.

मंगळवारी भावंडे आली. मी दाराशी टेबल टाकून बसलो होतो. समोर आवक नोंदवही, बाजूला शिक्का.

"गाव?" मी विचारले.

"आप्पा, वळखत न्हाई व्हय मला? हितलाच की," इरशाद म्हणाला.

"मूळ गाव."

"मूळ वरवंड. वाढलो दौंडला. आता हितं."

"आणि गेमचे मूळ गाव?"

इरशादने बहिणीकडे पाहिले. "जपान असंल, आप्पा."

"तालुका?"

चर्चेअंती वरवंड धरले. वरवंडच्या फोल्डरात अनुक्रमांक ८७ वर फाइल होतीच, कारण ती मीच ठेवली होती. इरशादने एम्युलेटर उघडून त्याला फोल्डर दाखवला. या फोल्डरात एकही गेम नाही, असे एम्युलेटरने कळवले. मी नोंदवही उघडून एम्युलेटरसमोर धरली. त्याचा काही उपयोग झाला नाही.

"आप्पा, नावाची शेपटी काढलीया तुम्ही. ती परत लावा, मंग बघा कसा चालतोय," इरशाद म्हणाला.

"अभिलेखात खाडाखोड करता येत नाही," मी म्हणालो. "शिवाय अस्सल फाइल कोणाच्याही हातात द्यायची पद्धत नाही. नक्कल मिळेल. साक्षांकित. मुळाशी ताडून पाहिल्यावर."

यावर चांदभाई प्रथमच जरा मोठ्याने बोलले. "कसलं मूळ, आप्पा? ह्यो गेम नक्कल, ह्यो एम्युलेटर टीव्ही-गेमची नक्कल, ह्या कॉम्प्युटरातलं विंडोजसुदिक मी पुण्यातनं सीडीवर आणल्यालं. ह्या दुकानात अस्सल म्हंजी तुम्ही आन् मी."

मी पेन उचलले. चांदभाई गल्ल्याकडे वळले.

येथे एक गोष्ट नमूद करतो, कारण नंतर मला पुष्कळ नावे ठेवली गेली. मंगळवारी दुपारपासून कॅफेत गर्दी वाढली. पूर्वी लोक येत, फाइल शोधत, मिळाली की जात. आता अर्ज घेऊन रांगेत उभे राहत, शिक्का मारलेली पोच मिळाली की ती घडी घालून वरच्या खिशात ठेवत आणि समाधानाने घरी जात. फाइल मिळाली का, असे बाहेर कोणी विचारले तर म्हणत, "पोच मिळाली की." समोरच्या टपरीवरचा खंडू, ज्याने उभ्या जन्मात संगणकाला हात लावला नव्हता, त्यानेही एक अर्ज दिला. कशाचा, हे त्यात लिहिलेले नव्हते. मी तो प्रलंबित ठेवला.

बुधवारी इरशाद कागदपत्रांसाठी पुण्याला गेला होता, म्हणून तहमीना एकटी आली. तिने पिशवीतून ती जुनी पिवळी कॅसेट काढून टेबलावर ठेवली.

"हे घ्या मूळ," ती म्हणाली. "घरात ट्रंकेत तळाला हुतं. अम्मीनं जपून ठिवलं हुतं."

मुलीने नियम पाळला याचे मला कौतुक वाटले. मी पडताळणी सुरू केली.

"मूळ कॅसेटमध्ये किती स्टेज चालतात?"

"सात. पुलावर बंद पडतंय."

"आणि फाइलीमध्ये?"

"फुडं जातंय म्हणत्यात. म्हणून तर उतरवली."

मी पेन खाली ठेवले. "म्हणजे नकलेत मुळापेक्षा जादा मजकूर आहे."

"आप्पा, त्यो जादा मजकूरच आमाला बघायचाय."

"जो मजकूर मुळात नाही, तो नकलेत आढळल्यास नक्कल खोटी ठरते. साक्षांकन करता येणार नाही." मी तसा शेरा लिहून तिला पोच दिली.

तिने ती घेतली नाही. "परवा भैया चाललाय," ती म्हणाली. "दोन दिस फोनवर बसून परत उतरवायला आता येळ न्हाई. तुमाला आमच्याकडनं नेमकं काय पायजे, त्ये तरी सांगा." तिचा आवाज बदलला होता. मला काय पाहिजे हे मला एकतीस वर्षांत कोणी विचारले नव्हते. मी तिला उद्या यायला सांगितले.

गुरुवारी ती आली नाही. भावाची बॅग भरायची होती. चांदभाई पाहुण्यांकडे तळेगाव ढमढेऱ्याला गेले होते. प्रकरण निकाली काढावे म्हणून मी सकाळीच ८७ क्रमांक पुन्हा तपासला आणि हादरलो. फाइलीवर तारीख होती १९९७ सालची. कुणा परदेशी माणसाने ती तयार केली असेल तेव्हाची. ड वर्गाचा अभिलेख, आणि वय वर्षे सात. त्याचे नाशन सहा वर्षे थकलेले होते.

नाशनापूर्वी अभिलेख मूळ स्वरूपात आणून अथपासून इतिपर्यंत तपासावा, अशी माझी पद्धत आहे. त्यासाठी मी शेपटी परत लावली. एम्युलेटरने फाइल ताबडतोब ओळखली. पहिल्या स्टेजवर बसलो तेव्हा दहा वाजले होते. छत्रीवाला एकूण चौतीस वेळा मेला. प्रत्येक मृत्यूची वेळ व कारण नोंदवहीत आहे. दुपारी जेवायला उठलो नाही. बाहेर रांग ओरडत होती, तिला मी 'कार्यालयीन तपासणी सुरू' अशी पाटी लावून दिली.

चार वाजून दहा मिनिटांनी छत्रीवाल्याने पुलावर पाय ठेवला. चित्र गोठले नाही. तो चालत राहिला आणि पलीकडे गेला.

पलीकडे काय होते, ते मी पाहिले. किती वेळ पाहत होतो, याची नोंद नाही. खंडूने आणून ठेवलेला चहा निवून गेला. मला चष्मा काढून पुसावा लागला. पोरांना बोलावून आणावे, असे एकदा मनात आले, खोटे कशाला बोलू. परंतु कामकाज पाचला संपते.

पाच वाजता खंडू आणि रांगेतला एक इसम अशा दोन पंचांसमक्ष फाइल नष्ट केली. नंतर रिसायकल बिनही रिकामे केले, कारण कामात अर्धवटपणा मला चालत नाही. पंचांनी न वाचता सह्या केल्या.

शुक्रवारी सकाळी साडेनऊला दोघे आली. इरशादच्या खांद्याला दोरीने बांधलेली मोठी बॅग. "आप्पा, धाची गाडी हाय. अर्धा तास हाय हातात," तो म्हणाला. "आमी भरभर खेळतो."

मी त्याला दाखला दिला. अर्जदारास रिकाम्या हाताने पाठवायचे नाही म्हणून तो रात्रीच सुवाच्य अक्षरात लिहून ठेवला होता. सदर फाइल अभिलेखात उपलब्ध नाही, सबब अर्ज निकाली. सोबत पंचनाम्याची प्रत.

चांदभाईंनी तो वाचला आणि ते स्टुलावर बसून राहिले. माझ्याकडे त्यांनी पाहिले नाही. तहमीनाने पंचनामा शेवटच्या ओळीपर्यंत वाचला. बालवाडीत शिकवणारी माणसे सगळे वाचतात.

"'पुलापलीकडील मजकुरासह तपासणी पूर्ण,'" तिने मोठ्याने वाचले. मग मान वर केली. "आप्पा, तुम्ही पूल वलांडला?"

"तपासणीपुरता."

"एकट्यानं?"

मी शिक्का जागेवर ठेवला.

"काय हाय पलीकडं?" तिने विचारले.

"नष्ट अभिलेखातील मजकूर तोंडी सांगता येत नाही."

इरशादने बॅग खाली ठेवली आणि टेबलावर दोन्ही हात टेकले. रागावला नव्हता. ते मला जास्त जड गेले. "आप्पा, दोन वर्सं मी हिकडं न्हाई. सगळं नका सांगू. पलीकडं कायतरी हाय का न्हाई, येवढंच सांगा. म्हंजी जाताना बरं वाटंल."

मी खणात हात घातला. माहिती मागण्याचा नमुना तिथेच असायला हवा होता. तो मी मंगळवारी कुठल्या तरी गठ्ठ्यात व्यवस्थित लावून ठेवला होता, आणि आता तो सापडेना. स्टँडवर गाडीचा भोंगा वाजला. इरशादने माझ्या पाया पडल्यासारखे केले, बहिणीच्या डोक्यावर हात ठेवला आणि गेला.

त्या दिवशी मला जेवण गेले नाही. का, याची नोंद केलेली नाही.

आता वाचक महाशयांविषयी. तहमीनावर अन्याय झाला, असे वाचताना आपणांस वाटले असेल. ते आपल्या मोठेपणाला शोभून दिसते. परंतु खरे सांगा, गेली काही मिनिटे आपणांस तिची काळजी आहे, की पुलापलीकडे काय होते याची? मला हरकत नाही. माहिती जरूर मिळेल. विहित नमुन्यात अर्ज करावा, नमुना सापडल्यावर तो देण्यात येईल. खिडकी अकरा ते दोन उघडी असते. पोच ताबडतोब मिळते, आणि बहुतेकांचे त्यावर भागते. आपणही रांगेतच उभे राहाल, याची मला खात्री आहे.

तहमीनाच्या मागे उभे राहा. तिचा नंबर आधी आहे.