रऊफभाईंची जाळी

रऊफभाई कुठल्याही गावात उतरले की सलाम-नमस्कार नंतर. आधी मैदानाच्या दोन्ही टोकांना नजर टाकतात आणि विचारतात, "जाळी हाय का?" गवत नसलं तरी चालतं, आमच्या जालना जिल्ह्यात ते कुणी मागतही नाही. मंडप नको, हार नको, पंच शिट्टी विसरला तर तोंडानं वाजवेल. पण गोलपोस्टमागे जाळी हवी म्हणजे हवी.

ते आमच्या फुटबॉल संघटनेचे सचिव होते आणि मी सहसचिव. मी शाळामास्तर, मला फुटबॉल कळत नाही, पण माझं अक्षर चांगलं आहे आणि माझ्याकडे मोटारसायकल आहे. रऊफभाई मात्र खालपासून चढत गेलेले. तरुणपणी गोलकीपर होते, तेव्हा मागून ओरडायचे. कोच झाल्यावर बाजूनं ओरडायला लागले. सचिव झाल्यापासून समोरासमोर ओरडत. पोरांना शिकवताना आधी बॉलला हातच लावू देत नाहीत, नुसतं मातीत पडायला लावतात. "पडायला शीक. पकडणं मंग आपोआप येतंय," हे त्यांचं शास्त्र. कपडे धुणाऱ्या आयांचं या शास्त्राबद्दलचं मत इथे छापण्यासारखं नाही.

गेल्या हिवाळ्यात शहागडजवळच्या एका गावात स्पर्धेचं उद्घाटन होतं. आमचे अध्यक्ष मोठे व्यापारी, वेळेचे कडक. त्यांनी आधीच बजावलं होतं, "रऊफ, या वेळी उशीर झाला तर मी दुसरा सचिव बघीन." मंडप सजला, अध्यक्ष येऊन बसले, आणि बघतो तर गोलपोस्टना जाळी नाही. गावकरी विसरले होते.

"भाई, बॉल आत गेला का न्हाई ते आमाला दिसतंय की!" सरपंच म्हणाले.

"जाळी न्हाई तं मॅच न्हाई." रऊफभाईंनी बॉल काखेत मारला आणि माझ्या मागे गाडीवर बसले. "गोदावरीवर घ्या मास्तर, जल्दी!"

नदीकाठच्या भोयांकडून मासे धरायची दोन जुनी जाळी मागून आणली आणि पोस्टना बांधली, तोवर उद्घाटनाची वेळ टळून तास झाला होता. मैदानभर असा वास सुटला की गावातली यच्चयावत कुत्री एका गोलमागे येऊन बसली. शुद्ध शाकाहारी अध्यक्षांनी नाकाला रुमाल लावून भाषण उरकलं आणि म्हणाले, "रऊफ, बस झालं आता तुझं."

"बराबर," रऊफभाई म्हणाले. त्यांचं लक्ष खेळाकडे होतं. थोड्या वेळानं गोल झाला. गोलकीपर पोरानं वळून जाळीतला बॉल उचलला, लाथेनं पुढे पाठवला आणि खेळ परत सुरू झाला. कुत्री तेवढी भुंकली.

येताना मी चिडूनच विचारलं, "एका जाळीपायी पद घालवलंत, रऊफभाई. कशासाठी?"

 ते म्हणाले, "आमच्या टायमाला जाळी नव्हती. फायनलला गोल खाल्ला आन् बॉल गेला पार रस्त्यापलीकडं, कपाशीत. मीच आणायला गेल्तो. गोल खाल्ल्याचं काही न्हाई मास्तर, ते खावेच लागतेत. पण बॉल घेऊन परत येताना सगळं मैदान चूप बसून माझ्याकडं बघून राह्यलं. दोस्त, अब्बा, समदे. एकही जण दोन पावलं सामोरा आला न्हाई. तेवढं एकट्यानं चालणं कोण्या पोराला नको."

मी नजर रस्त्यावरच ठेवली. गाडी चालवायची होती म्हणून बरं.

पुढच्या बैठकीत अध्यक्षांनी शब्द खरा केला. नव्या सचिवाचं नाव जाहीर झालं. रऊफभाईंनी कपाटाच्या किल्ल्या टेबलावर ठेवल्या, "खुदा हाफिज" म्हणाले आणि निघाले. आमच्या कार्यालयापासून फाटकापर्यंत मोठं मोकळं पटांगण आहे. सगळे खुर्च्यांवर बसून त्यांच्या पाठीकडे बघत होते. कुणी उठेना.

मी बैठकीचा वृत्तान्त लिहीत होतो. तो तसाच टाकून धावत गेलो आणि फाटकापर्यंत त्यांच्याबरोबर चाललो.